ऑलिव्हचें गणगोत



ऑलिव्हचें तेल आतां आपल्या घरांत अपरिचित राहिलेलें नाहीं. तान्ह्या मुलाच्या अंगाला लावण्यासाठीं त्याची लहानशी बाटली पूर्वींहि कांहीं घरांत असे. अलीकडे तें स्वयंपाकघरांतहि शिरलें आहे, आणि खाऱ्या पाण्यांत घातलेलीं हिरवीं-काळीं फळें बरण्यांत भरून दुकानांतून मांडलेलीं दिसतात. पण ह्या झाडाचे नातेवाईक कोण, असें कोणी विचारलें तर आपण काय उत्तर देऊं? बहुतेकांच्या डोळ्यांपुढें ग्रीस, इटली, पॅलेस्टाइन, भूमध्यसमुद्राचा खडकाळ किनारा असें कांहींतरी येईल, आणि तें नातें आपल्या दारापर्यंत येऊन पोंचलें असेल अशी शंकाहि कोणास येणार नाहीं. वस्तुतः ऑलिव्हचीं सख्खीं नव्हे तरी चुलत भावंडें आपल्या अंगणांत, देवघरांत आणि स्त्रियांच्या वेणींत रोज हजर असतात. मोगरा, जाई, जुई, कुंद आणि पारिजातक हीं सर्व ऑलिव्हच्याच कुळांतलीं आहेत.

हें विधान मीं वर्गांत केलें म्हणजे विद्यार्थी हंसतात. एकदां एका विद्यार्थिनीनें केसांतली मोगऱ्याची कळी काढून माझ्यापुढें ठेवली आणि विचारलें, "मग सर, हिच्यांत पावभर तेल कोठें आहे तें दाखवा." प्रश्न थट्टेचा होता, पण तो वायां गेला नाहीं. नातें कशावरून ठरवावयाचें, उपयोगावरून, नांवावरून, फळावरून, कीं आणखी कशावरून, हाच आजच्या माझ्या भाषणाचा विषय आहे. आणि तें चुकीचें ठरलें तर केवळ पुस्तकांतली एक नोंद चुकते असें नाहीं. त्यापायीं झाडेंहि गमवावीं लागतात, तें मी शेवटीं सांगणार आहे.

नात्याची चौकशी नांवापासून सुरू करावी असा आपला परिपाठ आहे, आणि येथें पहिली ठेंच नांवाचीच लागते. रुद्राक्षाच्या प्रजातीचें शास्त्रीय नांव एलिओकार्पस. ह्या ग्रीक शब्दाचा अर्थच 'ऑलिव्हसारखें फळ असलेलें झाड' असा आहे, आणि ह्याच प्रजातीच्या एका झाडाचीं फळें सिलोन ऑलिव्ह म्हणून विकलीं जातात. आपल्या घाटांतून उन्हाळ्याच्या सुमारास आंबटगोड लाल फळें देणारी आंबगुळी असते; तिच्या एलिग्नस ह्या नांवांतहि तोच ग्रीक शब्द दडलेला आहे. परंतु रुद्राक्ष काय किंवा आंबगुळी काय, ऑलिव्हशीं त्यांचें रक्ताचें नातें म्हणावें असें कांहीं नाहीं. ज्यांच्या नांवांत ऑलिव्ह आहे तीं परकीं, आणि ज्यांच्या नांवांत त्याचा मागमूसहि नाहीं तो मोगरा आप्त, असा हा प्रकार आहे.

नांवांचा विषय निघालाच आहे तर आणखी एक गोष्ट सांगण्याचा मोह आवरत नाहीं. युरोपांतील भाषांत तेलाला जे शब्द आहेत ते बहुतेक ऑलिव्हच्या ग्रीक-लॅटिन नांवांतून निघाले; तेल म्हणजे ऑलिव्हचा रस, मग पुढें तें कशाचेंहि असो. आपल्याकडे नेमका तोच व्यवहार तिळाच्या बाबतींत झाला. 'तैल' म्हणजे तिळापासून झालेलें. आतां आपण खुशाल शेंगदाण्याचें आणि खोबऱ्याचेंहि तेल म्हणतों. गंमत अशी कीं, आजचे शास्त्रज्ञ ज्या एका मोठ्या गणांत ऑलिव्हचें कुल बसवितात त्याच गणांत तिळाचेंहि कुल आहे, आणि तुळशीचेंहि. तेलाला नांव देणाऱ्या ह्या दोन वनस्पति दूरच्या कां होईना, एकाच गोताच्या निघाल्या. भाषेला हें ठाऊक असण्याचें कांहीं कारण नव्हतें.

आतां खुणेकडे वळूं. रेडिओवरून चित्र दाखवितां येत नाहीं, म्हणून मी आपणांस एक लहानसें काम सांगतों. उद्यां जाईचें एक फूल घ्या. मोगरा घेतलात तर एकेरी घ्या. बटमोगरा नको, कारण पाकळ्यांची रास वाढवितांना माळ्यांनीं त्या फुलाचा मूळ हिशेब बिघडवून टाकला आहे. पाकळ्या मोजूं नका. ह्या कुळांत पाकळ्यांची संख्या फसवी आहे. जाईला पांच, मोगऱ्याला त्याहून अधिक, पारिजातकाला पांचापासून आठांपर्यंत. पाकळ्यांखालची नळी नखानें उभी चिरा आणि आंत पाहा. नळीच्या भिंतीला चिकटून उभे असलेले पुंकेसर दिसतील. ते किती आहेत? दोन. जुई घेतलीत तरी दोन, कुंद घेतलात तरी दोन, पारिजातकाची केशरी दांडी चिरलीत तरी तोंडाशींच बसलेले दोन. नळीच्या तळाशीं जो इवलासा हिरवा बीजकोश असतो, त्यालाहि आंत दोनच कप्पे.

ऑलिव्हचें फूल आपल्यापैकीं फारच थोड्यांनीं पाहिलें असेल. पानांच्या बगलेंत मोहरासारखे तुरे येतात, आणि त्यांवर मलईच्या रंगाचीं, मोहरीहून थोडीं मोठीं अशीं असंख्य फुलें असतात. चार आंखूड पाकळ्या तळाशीं जुळलेल्या, आणि बाहेर डोकावणारे दोन ठसठशीत पिवळे पुंकेसर. मध्यें बीजकोश, त्याचे दोन कप्पे, प्रत्येकांत दोन बीजांडें. ह्या चारांपैकीं बहुधा एकच वाढतें आणि बाकीचीं खुरटून जातात. बरणींतलें फळ खातांना जी एकच कठीण आंठोळी दाताखालीं येते ती त्या एका बीजाभोंवतीं तयार झालेली असते. शेंकडों फुलांमागें फळ धरतें तें एखाद्या-दुसऱ्याला. झाडाला मोहर येण्यासाठीं थंडीचे कांहीं आठवडे लागतात, म्हणून आपल्या किनाऱ्यावरच्या उबदार हवेंत तें जगलें तरी फळाची आशा धरण्यांत अर्थ नाहीं.

मग एकाच घराण्यांत एवढें अंतर कसें पडलें? ऑलिव्ह आपले पराग मुख्यतः वाऱ्याच्या हवालीं करतो. वाऱ्याला सुगंधाचें काय? म्हणून फूल लहान, बिनवासाचें म्हणावें असें, आणि पुंकेसर मोकळ्यावर. जाई, मोगरा, पारिजातक हीं रात्रीच्या पतंगांवर अवलंबून. त्यांना अंधारांत दिसण्यासाठीं शुभ्र रंग पाहिजे, लांबून हाक मारण्यासाठीं सुवास पाहिजे, आणि लांब सोंडेच्याच पाहुण्याला पोंचतां यावें म्हणून खोल नळी पाहिजे. ह्याच कुळांतला ॲश नांवाचा थंड प्रदेशांतला वृक्ष तर ह्याहि पुढें गेला. त्याच्या बहुतेक जातींनीं पाकळ्या अजिबात टाकून दिल्या आहेत. उरले ते केवळ दोन पुंकेसर आणि बीजकोश. फळांचीहि तीच कथा. ऑलिव्हला गर आणि आंठोळी, जाईला काळ्या जोडबोरांसारखें फळ, पारिजातकाला चपटी टिकली, ॲशला वाऱ्यावर गिरक्या घेणारें एक पंख, आणि आपल्या कोरड्या रानांत आढळणाऱ्या मोखा ह्या वृक्षाला पेरूएवढें लांकडी बोंड, जें उकलून दोन फांकें होतात. फळ पाहून कोणी ह्या सर्वांना एका पंक्तीला बसवलें नसतें.

हे दोन पुंकेसर प्रथम पंक्तीला आणले ते स्वीडनच्या लिनियसनें. त्याच्या १७५३ च्या ग्रंथांत वनस्पतींचे वर्ग पुंकेसर मोजून केलेले आहेत, आणि ऑलिव्ह, जाई, पारिजातक, लायलॅक हीं सर्व 'द्विपुंकेसरी' वर्गांत एकमेकांच्या शेजारीं आलीं आहेत. पण केवळ संख्येवर भिस्त ठेवल्याचा परिणामहि तेथेंच दिसतो. त्याच वर्गांत साल्व्हिया आली, तिचें ठीक, ती तुळशीच्या कुळांतली असल्यामुळें लांबची आप्त तरी आहे. पण काळी मिरीहि आली! उलट ॲश, ज्याचा ऑलिव्हशीं खरोखरच निकट संबंध, तो मात्र नर-मादी फुलांच्या भानगडीमुळें दूरच्या दुसऱ्याच वर्गांत जाऊन पडला. शिवाय लिनियसनें आपल्या मोगऱ्याला पारिजातकाच्या प्रजातींत घातलें होतें. निक्टँथेस म्हणजे रात्रीं फुलणारें. दोन्ही रात्रीं फुलतात, मग एकत्र कां नसावीं, असा त्याचा विचार असावा. मोगऱ्याला तेथून काढून जाईच्या प्रजातींत आणण्याचें काम १७८९ सालीं एटननें केलें.

संख्येची खूण खरी, पण एकटी पुरेशी नाहीं. तिला साक्षीदार पाहिजे. पुढें पेशींतील गुणसूत्रें मोजण्याची विद्या आली तेव्हां असा साक्षीदार मिळाला. जाईच्या प्रजातींत बहुधा २६ गुणसूत्रें, ऑलिव्हमध्यें ४६, आणि ॲशमध्येंहि ४६. टेलर यांनीं १९४५ सालीं हा हिशेब मांडला आणि ऑलिव्ह-ॲशच्या शाखेचा मूळपुरुष दोन भिन्न पूर्वजांच्या संकरांतून निघाला असावा असें अनुमान केलें. सिडनीच्या लॉरेन्स जॉन्सन यांनीं १९५७ मध्यें कुळाची नवी मांडणी केली, आणि इ. स. २००० मध्यें वॉलंडर आणि अल्बर्ट ह्या शास्त्रज्ञांनीं जनुकद्रव्याच्या आधारें कुळाच्या पांच शाखा निश्चित केल्या. जाईची शाखा एक. ऑलिव्ह, ॲश, लायलॅक आणि आपला मोखा हे सर्व दुसऱ्या मोठ्या शाखेंत. सुमारें सहाशेंहून अधिक जातींचें हें कुल आहे, आणि त्यांपैकीं दोनशेंच्या आसपास एकट्या जाईच्या गोतांतल्या आहेत.

दुसरा साक्षीदार जिभेला कळणारा आहे. झाडावरचें ताजें ऑलिव्ह तोंडांत घालवत नाहीं इतकें कडू असतें. क्षाराच्या किंवा मिठाच्या पाण्यांत दिवसचे दिवस ठेवल्यावांचून तें खाण्याजोगें होत नाहीं. हा कडूपणा ओलियुरोपीन नांवाच्या द्रव्याचा. आणि आपल्या आजीनें तापांत पाजलेला पारिजातकाच्या पानांचा काढा आठवतो ना? त्या कडवटपणाचीं द्रव्यें रसायनदृष्ट्या त्याच मोठ्या घराण्यांतलीं आहेत. काढा पितांना आपण तोंड वांकडें करतों तें ऑलिव्हच्या एका नातलगाला पाहूनच, एवढें समाधान मानावयास हरकत नाहीं.

पारिजातकाची हकीकत मात्र मी थोडी सावकाश सांगणार आहे, कारण ह्या कुळांत त्याच्याइतकी वणवण दुसऱ्या कोणाच्या वांट्याला आली नाहीं. गोव्यांत राहणाऱ्या गार्सिया द ओर्ता ह्या पोर्तुगीज वैद्यानें १५६३ सालीं गोव्यांतच छापलेल्या आपल्या ग्रंथांत त्याला 'उदास वृक्ष' म्हटलें आहे, आणि सूर्यावर प्रेम करून निराश झालेल्या राजकन्येच्या राखेंतून तो उगवला, म्हणून त्याला सूर्याचें तोंड पाहवत नाहीं, ही येथील लोकांनीं सांगितलेली कथा नोंदली आहे. लिनियसनें हीच उदासी त्याच्या शास्त्रीय नांवांत कायम केली. पहाटे सड्यावर पडलेल्या फुलांचा खच पाहणाऱ्या आपल्या लोकांना हें झाड उदास कसें वाटावें हें मला कधींच उमगलें नाहीं. पण परदेशी माणूस दुपारीं पाहत असेल. असो. त्याची खरी अडचण खोडाची होती. पारिजातकाची कोवळी फांदी चौकोनी असते, पान खरखरीत, इतकें कीं सुतार त्यानें लांकूड घांसतात. चौकोनी फांदी आणि खरखरीत पान म्हटलें कीं वनस्पतिशास्त्रज्ञाला सागाची आणि घाणेरीची आठवण होते. म्हणून कोणी त्याचें स्वतंत्र कुल केलें, आणि १९५२ मध्यें एअरी शॉ यांनीं त्याला घाणेरीच्या कुळांत नेऊन बसविलें. जनुकांची साक्ष निघाली तेव्हां तो पुन्हां ऑलिव्हच्या घरीं परत आला. विशेष म्हणजे त्याच्या जवळच्या आप्तांत मिक्सोपायरम नांवाची एक जंगली वेल निघाली. ती पश्चिम घाटाच्या दक्षिण भागांत आढळते, आणि तिचेंहि खोड चौकोनी आहे. ज्या खुणेनें त्याला परका ठरविलें, तीच खूण त्याच्या भावंडांतहि होती. फक्त ती वेल कोणी शेजारीं ठेवून पाहिली नव्हती. तिकडे सागालाहि पुढें जुन्या घरांतून उठवून तुळशीच्या कुळांत पाठविण्यांत आलें, तें वेगळेंच प्रकरण आहे.

दोन पुंकेसरांच्या नियमाला अपवादहि आहेत. मेक्सिकोच्या पश्चिमेस समुद्रांत ग्वादालूप नांवाचें बेट आहे. तेथें १८७५ सालीं एडवर्ड पामर ह्या संग्राहकाला ह्या कुळांतलें एक झाड सांपडलें. त्याच्या फुलांत चार पुंकेसर होते. त्याला हेस्पेरेलिया, म्हणजे पश्चिमेकडचा ऑलिव्ह, असें नांव देण्यांत आलें. तें झाड पुढें कोणालाहि पुन्हां पाहावयास मिळालें नाहीं. खलाशांनीं बेटावर सोडलेल्या बकऱ्यांनीं तेथील रान खाऊन फस्त केलें होतें. उरलीं तीं पामरनें कागदावर चिकटवून पाठविलेलीं वाळलेलीं डहाळीं. त्या डहाळ्यांतून सुमारें १४० वर्षांनंतर जनुकद्रव्य काढण्यांत आलें, आणि २०१६ मध्यें त्याचें नातें प्रसिद्ध झालें: चार पुंकेसर असूनहि तें ऑलिव्हच्याच शाखेंतलें, अमेरिकेंतल्या कांहीं झुडुपांचें भावंड. म्हणजे झाड नाहींसें झाल्यावर त्याची वंशावळ कळली.

आपल्या सह्याद्रींतहि ऑलिव्हचा एक जवळचा नातलग उभा आहे. महाबळेश्वरच्या रानांतून हिंडतांना गर्द पानांचें, समोरासमोर पानें असलेलें मध्यम उंचीचें झाड ठिकठिकाणीं दिसतें. लोक त्याला पारजांभूळ म्हणतात, कारण फळ लहानशा जांभळासारखें दिसतें. येथेंहि फळानें फसविलें; जांभळाशीं त्याचा संबंध नाहीं. रॉक्सबर्गनें त्याला ऑलिव्हच्याच प्रजातींत घालून ओलिआ डायोइका असें नांव दिलें, कारण नरफुलें एका झाडावर आणि मादीफुलें दुसऱ्यावर. खरा ऑलिव्ह, आफ्रिकेपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंत पसरलेला त्याचा रानटी भाऊ काहू, आणि हा पारजांभूळ, असे पुष्कळ वर्षें एका नांवाखालीं नांदले. अलीकडे जनुकांची तपासणी झाल्यावर पारजांभळाला त्या प्रजातींतून काढून टेट्रापायलस ह्या शेजारच्या प्रजातींत ठेवण्यांत आलें आहे. काहू मात्र राहिला, इतकेंच नव्हे तर तो ऑलिव्हचीच उपजाति ठरला. पारजांभळाचें आडनांव बदललें, घराणें तेंच आहे.

हें सर्व पंडितांचें आपसांतलें भांडण आहे, असें आपणांस वाटत असेल तर आतां एका किड्याची गोष्ट ऐका. हा पाचूसारखा हिरवा, अर्धा इंच लांबीचा भुंगेरा चीन, कोरिया आणि रशियाचा अतिपूर्व भाग येथील. तेथील ॲश वृक्षांना त्याची संवय आहे. ते त्याला पुरून उरतात. २००२ मध्यें तो अमेरिकेंत डेट्रॉइट शहराच्या आसपास आढळला. त्याची अळी सालीखालीं नागमोडी भुयारें खणते, आणि पानांतून मुळांकडे जाणारा रस तोडून टाकते. अमेरिकेंतल्या ॲशला हा शत्रु नवा होता. कोट्यवधि झाडें वाळलीं. बेसबॉलच्या दांड्याला लागणारें उत्तम लांकूड ह्याच वृक्षाचें. बारा वर्षें सर्वांची समजूत अशी होती कीं, हा किडा फक्त ॲशच खातो. २०१४ मध्यें ओहायो राज्यांत एका बागेंतल्या झाडावर तीं नागमोडी भुयारें सांपडलीं, आणि तें झाड ॲश नव्हतें. तें कायोनँथस होतें, बर्फासारख्या पांढऱ्या फुलांचें, ऑलिव्हच्या कुळांतलें, आणि कुळांतहि ॲशपेक्षां ऑलिव्हला अधिक जवळचें.

ज्यांनीं वंशावळ वाचली होती त्यांच्या मनांत लागलीच पुढचा प्रश्न आला. किड्याला कायोनँथस चालतो, तर ऑलिव्ह कां चालणार नाहीं? प्रयोगशाळेंत ऑलिव्हच्या फांद्यांवर अळ्या सोडण्यांत आल्या. ॲशवर वाढतात तितक्या जोमानें त्या वाढल्या नाहींत. पण वाढल्या, आणि कांहीं पूर्ण भुंगेरे होऊन बाहेर पडल्या. हें २०१७ मध्यें प्रसिद्ध झालें. हीं तीन झाडें ह्या किड्यानें सालीच्या चवीवरून एका घरचीं म्हणून ओळखलीं. आपल्याला तें ओळखावयास फुलें चिरावीं लागलीं, गुणसूत्रें मोजावीं लागलीं. २००३ मध्यें तो मॉस्कोंत आढळला, २०१९ मध्यें युक्रेनमध्यें. सुमारें सहा हजार वर्षें माणसानें जोपासलेल्या भूमध्यसमुद्राकांठच्या ऑलिव्हच्या बागा त्याच्या पश्चिमेला आणि दक्षिणेला आहेत, आणि तेथील लोक त्याच्या वाटेकडे लक्ष ठेवून आहेत.

किड्यानें निवडलेलीं हीं तिन्ही झाडें कुळाच्या एकाच शाखेवरचीं आहेत. जाई, जुई, मोगरा यांची शाखा फार पूर्वींच निराळी झालेली आहे, पारिजातकाचीहि. महाबळेश्वरच्या रानांतला पारजांभूळ मात्र ऑलिव्हच्या आणि कायोनँथसच्या अगदीं शेजारच्या डहाळीवर बसला आहे.